फाळक्यावरचं नाव

गाडी सोडा असा वरच्या कोर्टाचा हुकूम झाला म्हणून गाडी लगेच सुटली असं काही झालं नाही. हुकुमाची प्रत मिळायला वेळ, प्रतीवर शिक्का बसायला वेळ, जामीनदाराची कागदपत्रं तपासायला वेळ. आणि हे सगळं जुळून आलं त्या दिवशी साहेबच बंदोबस्ताला गेलेले. योगिनीला आता कशाचंच नवल वाटेनासं झालं होतं. एक्साईजच्या आवारातल्या कडुलिंबाखाली ती चपला काढून बसली होती. समोर जप्त केलेल्या मोटारींच्या रांगेत, एका काचा फुटलेल्या जीपच्या आणि एका दुधाच्या व्हॅनच्या मधोमध, तिच्या नावावरचा टेम्पो उभा होता. टपावर पालापाचोळा साचला होता आणि पुढची दोन्ही चाकं बसली होती.

गाडी तिच्या नावावर होती ती केवळ बाईच्या नावावर घेतली की सवलत मिळते म्हणून. चालवायचा तिचा नवरा सुजित. चाकणच्या एका वर्कशॉपमधून कंपनीत पार्टचे क्रेट पोचवायचे, हे त्याचं रोजचं काम. धाकटा दीर बंटी अधूनमधून फेरी मारायचा. तशाच एका फेरीला, गणपतीच्या आधी, तळेगाव-चाकण रस्त्यावर नाका लागला आणि क्रेटांच्या खालून गोव्याच्या दारूची खोकी निघाली. खालच्या कोर्टानं माल फार आहे म्हणत गाडी सोडायला नकार दिला. मग वरचं कोर्ट, नव्या तारखा, नव्या झेरॉक्स. एवढ्या दिवसांत सुजित दुसऱ्याच्या गाडीवर ड्रायव्हर म्हणून राबला, योगिनी पॅकिंगच्या शिफ्टला जाऊ लागली, आणि जामिनावर सुटलेला बंटी मारुंजीला मित्राच्या खोलीवर राहू लागला. घरी त्याचा विषय काढायला सासऱ्यांनी, म्हणजे अण्णांनी, बंदी घातली होती.

"मालक कोण?" जमादारानं विचारलं.

"मी," योगिनी उठून म्हणाली.

जमादारानं सवयीनं सुजितकडे पाहिलं. सुजितनं मान हलवली. "तिच्याच नावावर आहे साहेब."

"मग ताई, गाडीला लागून उभ्या राहा. चारी बाजूंनी फोटो काढायचे आहेत. तोंड एवढं पाडू नका, गाडी मिळतेय तुम्हाला."

पुढच्या काचेवर 'यशोदा' लिहिलेलं होतं, म्हणजे सासूबाई. दोन्ही बाजू कोऱ्या. मागं मात्र हौद्याच्या निळ्या फाळक्यावर चांगली हातभर पांढरी अक्षरं: बंटी. टेम्पो आणला त्या दिवशी बंटीनं ती स्वतःच्या हातानं काढली होती. तेव्हा त्याचं काळेवाडीत नंबरप्लेट रंगवायचं दुकान होतं. "तुझंच टाक," असं सुजितच म्हणाला होता. घाईत ब्रश जरा जास्त बुडला आणि शेवटच्या अक्षराखाली रंगाचा ओघळ खाली आला. बंटी बोळा घेऊन पुसायला गेला, तर अण्णांनी त्याचा हात धरला. "ऱ्हाऊ दे. गाडीला तीट झाली," म्हणाले होते. योगिनीला ते आठवलं आणि ती दुसरीकडे बघायला लागली.

"आता ऐका," जमादार कागद धरून म्हणाला. "विकायची नाही. दुसऱ्याच्या नावावर करायची नाही. रंग, बांधणी, काहीही बदलायचं नाही. खटला संपेपर्यंत आज जशी आहे तशी. बोलावलं की आणून दाखवायची. पहिल्यांदा येत्या सोमवारी. समजलं?"

"समजलं."

"सगळे समजलं म्हणतात," असं म्हणून त्यानं पेन पुढे केलं.

मेकॅनिकनं बॅटरी लावली, चाकांत हवा भरली. गाडी दोनदा खोकली आणि चालू झाली. सुजितनं ती आवाराबाहेर रस्त्याकडेला नेली. योगिनीला मात्र आत आणखी सह्यांसाठी थांबावं लागलं. सोबतीला नणंद होती, साधना. ती ताथवड्याहून सकाळीच आली होती आणि गाडी ओवाळायला नारळ घेऊन आली होती.

"अण्णांनी पण पिशवी आणलीय," साधना म्हणाली. "दोन नारळ होणार."

"होऊ देत. एकानं भागेल असं नाही वाटत मला."

अण्णा फाटकाच्या आत आलेच नव्हते. आयुष्यभर भोसरीच्या फाउंड्रीत काम केलेला माणूस; पोलीस ठाण्याची पायरी कधी चढलो नाही, हे ते पाहुण्यांना आवर्जून सांगायचे. आता सांगता येत नव्हतं. कापडी पिशवी छातीशी धरून ते बाहेर उभे होते.

"वहिनी, तुम्ही अण्णांकडे एक शब्द टाका ना," साधना हळूच म्हणाली. "बंटी तिथं अर्धे दिवस वडापाव खाऊन राहतोय. चुकला तो. मुद्दाम केलं, मला कबूल आहे. पण म्हणून काय त्याला कायमचा टाकायचा?"

"साधनाताई, मी वकिलाकडे शब्द टाकला, जामीनदाराकडे टाकला, कंपनीत सुपरवायझरकडे रजेसाठी रोज टाकते. माझ्याकडे शब्दच उरले नाहीत हो. आणि खरं सांगू? मला त्याचा राग आहे. ही शिफ्ट माझ्या मागं त्याच्यामुळे लागली."

साधनानं नारळाची पिशवी या हातातून त्या हातात घेतली. योगिनीला आपण बोललो त्याचं वाईट वाटलं, पण शब्द परत घ्यायचीही ताकद नव्हती.

सह्या झाल्या. दोघी बाहेर आल्या, तर आधी वास आला. ताज्या रंगाचा.

टेम्पोच्या मागं अण्णा उकिडवे बसले होते. पिशवीत नारळ नव्हताच. पॉलिशपेपर, ब्रश आणि निळ्या रंगाचा डबा होता. नाव आधी घासून काढलेलं, मग त्यावर निळा हात फिरवलेला. फाळका कोरा करकरीत झाला होता. डब्याचं झाकण हातात धरून सुजित समोरच्या टायरच्या दुकानाकडे बघत होता, जणू हे सगळं दुसऱ्या कुणाच्या गाडीचं चाललंय.

"झालं," अण्णा गुडघ्यावर हात टेकून उठले. "आता घ्या गाडी दारात. ते नाव घिऊन मी तिला घरापुढं उभी करून घेणार न्हवतो."

यात अण्णांचं नवं काहीच नव्हतं. या घराण्याची रीतच ती. गावी भूमला असताना अण्णांच्या वडिलांनी थोरल्या चुलत्याशी बिनसल्यावर बैलगाडीच्या साटीच्या फळीवरचं त्याचं नाव रंध्यानं तासून काढलं होतं, आणि मग तो चुलता मेला तरी कुणी गेलं नाही. गाड्या बदलल्या, रंध्याच्या जागी पॉलिशपेपर आला, एवढाच काय तो फरक. नाव घालायचं तेव्हा वाजतगाजत घालायचं आणि बिनसलं की तासायचं, हे या लोकांना रक्तातूनच यायचं.

"अहो, तुम्ही होतात ना इथं?" योगिनीनं नवऱ्याला विचारलं. "आत तो माणूस वाचून दाखवत होता तेव्हा माझ्या शेजारी उभे होतात. रंग बदलायचा नाही म्हणाला. ऐकलं नाहीत?"

"रंग कुठं बदललाय? निळ्यावर निळाच आहे."

"आणि नाव?"

सुजितनं झाकण डब्यावर बसवलं. "मला वाटलं, नावाचं काय एवढं."

योगिनीनं तिथंच कपाळाला हात लावला आणि वकील दिव्या मॅडमना फोन केला. त्यांनी आधी दोनदा विचारलं, "पुसलं म्हणजे? पूर्ण पुसलं?" मग त्यांचा सुस्कारा ऐकू आला. "योगिनीताई, सोमवारी ते आजचा फोटो पुढे ठेवणार. नाव दिसलं नाही की सरकारी वकील अर्ज टाकणार, गाडी ओळखू येऊ नये म्हणून बदल केला म्हणून. मग गाडी परत आवारात जाऊ शकते. आणि बंधपत्र तुमचं आहे, विचारतील ते तुम्हाला. सोमवारच्या आत होतं तसं करा आणि मला फोटो पाठवा. तसंच दिसलं पाहिजे, नवीन काहीतरी नको. झालं ते मी कोर्टाला सांगेन."

साधनाचा नारळ तसाच पिशवीत राहिला.

संध्याकाळी काळेवाडीच्या घरात सगळे बसले होते आणि कुणीच कुणाकडे बघत नव्हतं. गाडी खाली गल्लीत उभी होती. एवढी वाट पाहून आलेली गाडी, पण कुणी खिडकीतून डोकावलंही नाही.

"रेडियमचं स्टिकर लावू," सुजित म्हणाला. "दहा मिनिटांचं काम."

"फोटोत स्टिकर दिसतंय का?" साधनानं मोबाईल त्याच्यासमोर धरला. योगिनीनं जमादाराकडून फोटो मागून घेतले होते. "हे बघ, ब्रशची अक्षरं आहेत. हा ओघळ बघ. स्टिकरला ओघळ कसा आणशील?"

"मग पेंटर बघू. फोटो दाखवून करून घेऊ."

"ज्यानं काढलं व्हतं त्यालाच बलवा," आतून आवाज आला.

यशोदाबाई दारात उभ्या होत्या. गाडी पकडली गेल्यापासून त्या नवऱ्याशी मोजकंच बोलत होत्या. ताट वाढलंय, दार लावा, एवढंच. आज पदराला हात पुसत त्या मध्ये येऊन बसल्या.

"तुला कुणी इचारलं?" अण्णा म्हणाले.

"न्हाई इचारलं. इतकं दिस कुणी इचारलं न्हाई म्हणूनच गप व्हते. गाडीवर फुडं माझं नाव हाय ना? का त्ये बी घासायचंय?"

"आई, तू शांत हो," सुजित म्हणाला. "अण्णांचं चूक नाही. तो दारूच्या धंद्यात पडला. माझ्या गाडीत माल भरताना त्याला भाऊ आठवला नाही. आता गाडी सुटली तर लगेच त्याला बोलवायचं? मानाचा नारळ द्यायचा?"

"तुझी गाडी?" साधना म्हणाली. "गाडी वहिनीची आहे."

"तू मध्ये पडू नकोस, साधना. तू ताथवड्याला बसून बोलतेस. इथं मी दुसऱ्याच्या शिव्या खातोय."

"मी बंटीचा डबा घेऊन मारुंजीला जाते, ते नाही दिसत तुला?"

"डबा?" अण्णांनी मान वर केली. "तू डबा नेतीस?"

साधनाचा चेहरा उतरला, पण तिनं नजर खाली केली नाही. "नेते. आईच करून देते. मी नुसती पोचवते."

अण्णा बायकोकडे बघत राहिले. यशोदाबाईंनी पदर नीट केला.

योगिनी भिंतीला टेकून हे सगळं ऐकत होती. आजवर या भांडणात ती कुणाच्याच बाजूला नव्हती. अण्णा म्हणतील तसं, असं म्हटलं की विषय संपायचा आणि झोपायला मिळायचं. म्हणून ती अण्णांच्या बाजूची, असं सगळ्यांनी धरलं होतं. तिला आत्ताही झोपच हवी होती. पण सोमवारी त्या आवारात तिलाच जायचं होतं, आणि गाडी परत त्या जीपच्या शेजारी लागली तर ती कधी सुटेल हे कुणीच सांगू शकत नव्हतं.

"अण्णा," ती म्हणाली, "मी आजवर तुमच्यापुढं तोंड उघडलं नाही."

"आता उघड."

"गाडी माझ्या नावावर, सही माझी. कोर्टात मी उभी राहिले. जमादार विचारेल तेव्हा मी काय सांगू? सासरे रागावले म्हणून पुसलं? तुमचा राग बरोबर आहे. माझाही आहे. तुमच्यापेक्षा जास्त असेल. पण मला ती गाडी पाहिजे. मला ती शिफ्ट सोडायची आहे. माझ्यानं आता होत नाही, अण्णा. खरंच होत नाही."

शेवटचं वाक्य तिला म्हणायचं नव्हतं. ते आपसूक आलं आणि तिचे डोळे भरले. सुजितनं तिच्याकडे पाहिलं. घरात सगळ्यांसमोर ती कधी रडली नव्हती.

"बोलवा त्याला," सुजित एकदम म्हणाला. "अण्णा, मीपण कंटाळलो. उठसूट कुणाच्यातरी गाडीला हात लावायचा आणि ओरखडा पडला की बोलणी खायची. मला माझी गाडी पाहिजे. येऊन नाव काढू दे त्याला आणि जाऊ दे."

थोरला मुलगा असा एका क्षणात पलीकडे गेल्यावर अण्णा एकटे पडले. मग म्हणाले, "लाव फोन. कुणीतरी लावा."

साधना मोबाईल काढू लागली. योगिनीनं तिला थांबवलं आणि स्वतःचा फोन अण्णांसमोर धरला.

"तुम्ही पुसलंत. बोलवायचं पण तुम्हीच."

अण्णांनी फोन घेतला तेव्हा हाताच्या नखांत निळा रंग होता. पलीकडून "हां वहिनी, बोला" ऐकू आलं आणि अण्णांनी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"मी बोलतोय," ते म्हणाले. "कोर्टाचा हुकूम हाय. फाळक्यावर व्हतं तसं नाव काढायचंय. सकाळी ये. काढ, आन् जा. त्याच्याफुडं काय न्हाई." आणि फोन कसा बंद करायचा ते न कळून त्यांनी तो तसाच योगिनीच्या हातात दिला.

सकाळी बंटी मित्राच्या बाईकवरून आला. वाळला होता. दाढी वाढली होती, आणि ब्रशांची जुनी पिशवी गळ्यात अडकवली होती. तो घरात शिरला नाही. पायरीवरही थांबला नाही. खाली गल्लीत गाडीमागं जाऊन बसला. अण्णा आधीच तिथं प्लास्टिकची खुर्ची टाकून बसलेले. दोघांत चार हातांचं अंतर.

योगिनीनं आवारातला फोटो उघडून मोबाईल त्याच्या हातात दिला.

"वहिनी," तो फोटोकडे बघत हळू आवाजात म्हणाला, "माहीत होतं मला आत काय आहे ते. सगळ्यांना सांगत होतो माहीत नव्हतं. तुम्हाला नाही सांगणार तसं."

"मला आधीपासून ठाऊक आहे," योगिनी म्हणाली. "काम कर."

त्यानं खडूनं रेघा आखल्या. पांढऱ्यात ब्रश बुडवला, डब्याच्या काठाला निपटला आणि पहिलं अक्षर ओढलं. वळण तेच येत होतं. गल्लीतल्या बायका नळावरून बघत होत्या. एरवी अण्णांनी त्यांना हटकलं असतं. आज त्यांचं लक्षच नव्हतं. ते ब्रशाकडे बघत होते.

नाव पूर्ण झालं. बंटी मागं सरकला. योगिनीनं फोटोशी ताडून पाहिलं.

"ओघळ राहिला," ती म्हणाली.

"तो आपोआप आला होता, वहिनी." बंटीनं ब्रश खाली ठेवला. "आता मुद्दाम नाही जमत. माझ्याच नावाला मी कसा डाग लावू सांगा. आधीच काय कमी आहे का."

यशोदाबाई खिडकीत उभ्या होत्या. सुजित पायरीवर बसून दात कोरत होता, तो थांबला.

अण्णा खुर्चीवरून उठले. त्यांनी उजव्या हाताचं बोट डब्यात बुडवलं आणि शेवटच्या अक्षराखाली टेकवून हळूहळू खाली ओढलं. ओघळ हुबेहूब तसाच आला. आंघोळ घातलेल्या लेकराच्या गालावर लावतात तितक्याच सावकाश त्यांनी ते केलं. बंटीनं मान फिरवली आणि शर्टाच्या बाहीनं तोंड पुसलं.

"तीट हाय ती," अण्णा म्हणाले. "डाग न्हाई."

मग कुणाकडे न बघता ते घरात गेले.

योगिनीनं फोटो काढून दिव्या मॅडमना पाठवला. चालेल, असं त्यांचं उत्तर आलं. ती टेम्पोच्या पायरीवर टेकली. राग गेला नव्हता. पण तो आता तिला एकटीला वाहावा लागणार नाही, एवढं वाटलं.

दुपारी यशोदाबाईंनी कुणाला न विचारता दोन ताटं वाढली. एक बंटीला पायरीवर नेऊन दिलं आणि एक अण्णांपुढं ठेवलं. अण्णांच्या उजव्या हाताचं बोट अजून पांढरंच होतं, ओलसर.

"ह्या हातानं जेवणार व्हय?" यशोदाबाई म्हणाल्या. "थिनर हाय त्याच्या पिशवीत. आणते, पुसा त्ये."

अण्णांनी बोटाकडे पाहिलं. मग दारातून दिसणाऱ्या, खाली मान घालून जेवणाऱ्या पोराच्या पाठीकडे. या माणसानं जन्मात कधी चमच्यानं घास खाल्ला नव्हता.

"नको," ते म्हणाले. "एकदा पुसून बघितलं की. चमचा दे."